श्वासाची भरती-सुकती: वाचकांच्या पत्रांना उत्तरे

गेल्या अंकात या सदरात ‘आपल्या फुफ्फुसांत सुमारे सहा लिटर हवा मावते’ असे एक वाक्य मी ओघात लिहून गेलो, आणि त्या एका वाक्यावर वेंगुर्ल्यापासून गुहागरपर्यंतच्या वाचकांची पत्रे आली. त्यांतील निवडक पत्रांना येथे उत्तरे देत आहे. मी आयुष्यभर शरीरक्रियाशास्त्र शिकवले, दवाखाना कधी चालवला नाही. तेव्हा उपचारांचा निर्णय वाचकांनी आपल्या डॉक्टरांशी बोलूनच घ्यावा.

प्रश्न (माध्यमिक शाळेतील शिक्षक, वेंगुर्ले): पुस्तकात एका साध्या श्वासात अर्धा लिटर हवा आत-बाहेर होते असे दिले आहे, आणि आपण सहा लिटर म्हणता. म्हणजे फुफ्फुसांचा बारावा हिस्साच आपण वापरतो आणि उरलेली जागा फुकट जाते, असे समजावे काय? हे मुलांना वर्गात दाखवता येईल असा एखादा प्रयोग आहे काय?

उत्तर: शांत बसलेल्या प्रौढ पुरुषाच्या एका श्वासात सुमारे 500 मिलिलिटर हवा आत येते आणि तेवढीच बाहेर जाते, हे पुस्तकातले विधान बरोबर आहे. या आकारमानाला टायडल व्हॉल्यूम म्हणतात. टाइड म्हणजे भरती-सुकती, त्यामुळे खाडीकाठच्या मुलांना हा शब्द समजावण्यात तुमचा फार वेळ जाऊ नये. भांगाच्या, म्हणजे लहान भरतीच्या, दिवसांत खाडीचे पाणी थोडेसे चढते आणि थोडेसे उतरते, तसा हा साधा श्वास असतो. उधाणाला मात्र पाणी नेहमीच्या खुणेच्या खूप वर चढते आणि सुकतीला नेहमीपेक्षा खूप खाली जाते. साधा श्वास घेऊन झाल्यावरही जोर लावून आणखी सुमारे 3000 मिलिलिटर हवा आत घेता येते, आणि साधा श्वास सोडून झाल्यावरही पोट आवळून आणखी सुमारे 1100 मिलिलिटर बाहेर टाकता येते. हे तीन आकडे मिळवले की 4600 मिलिलिटर होतात. छाती पूर्ण भरून, मग पूर्ण रिकामी करताना जी हवा बाहेर पडते ती एवढी, आणि तिलाच व्हायटल कपॅसिटी असे नाव आहे. स्त्रियांमध्ये हे सर्व आकडे साधारणपणे वीस ते पंचवीस टक्क्यांनी कमी असतात.

परंतु सर्वांत मोठ्या सुकतीलाही खाडीच्या डोहात पाणी उरतेच. तशी फुफ्फुसांत, कितीही जोर लावला तरी बाहेर न पडणारी सुमारे 1200 मिलिलिटर हवा राहते, आणि ती मिळवल्यावर एकूण 5800 मिलिलिटर होतात. माझे ‘सहा लिटर’ हा त्याचाच ढोबळ आकडा होता. तुमच्या प्रश्नाचे खरे उत्तर या उरलेल्या हवेत दडलेले आहे. साधा श्वास सोडल्यावर छातीत ही 1200 आणि वर सांगितलेली 1100 अशी मिळून 2300 मिलिलिटर हवा शिल्लक असते. पुढच्या श्वासात आलेल्या 500 मिलिलिटरपैकी सुमारे 150 मिलिलिटर नाक, घसा आणि श्वासनलिकांच्या वाटेतच अडकून परत फिरते, कारण तेथे रक्ताशी देवाणघेवाण होत नाही. वायुकोशांपर्यंत पोहोचते ती 350 मिलिलिटर. म्हणजे एका श्वासात आतल्या साठ्याचा जेमतेम सातवा हिस्सा बदलतो. हे पाहून यंत्र अपुरे आहे असे वाटेल, पण रक्त क्षणभरही थांबत नसते. प्रत्येक श्वास सोडताना फुफ्फुसे पूर्ण रिकामी झाली असती, तर तेवढा वेळ रक्ताला प्राणवायू मिळाला नसता आणि त्याचे प्रमाण दर चार-पाच सेकंदांनी वर-खाली होत राहिले असते. शिवाय आतून ओलसर असलेले कोट्यवधी वायुकोश मिटून चिकटले, तर ते पुन्हा उघडायला किती बळ लागते, याची कल्पना कोऱ्या फुग्याची पहिली फुंक मारणाऱ्या कोणालाही असते. म्हणून ती जागा फुकट जात नाही. तो साठा आहे, आणि तो तसाच राहण्यात आपले हित आहे.

वाटेतल्या त्या 150 मिलिलिटरांचा हिशेब मुलांकडून फळ्यावर अवश्य करून घ्यावा, कारण ‘क्षमता’ या शब्दाभोवतीचे बरेच गैरसमज तेथेच सुटतात. मिनिटाला 12 श्वास, प्रत्येकी 500 मिलिलिटर, म्हणजे सहा लिटर. त्यांतील कामाची हवा 350 गुणिले 12, म्हणजे 4.2 लिटर. आता कोणी धापा टाकत मिनिटाला 24 श्वास, पण प्रत्येकी 250 मिलिलिटरचेच घेतले, तरी एकूण हवा सहा लिटरच भरते. मात्र कामाची हवा 100 गुणिले 24, म्हणजे अवघी 2.4 लिटर उरते.

प्रयोगासाठी पाच लिटरची पारदर्शक प्लॅस्टिकची कॅन घ्यावी, अर्ध्या लिटरच्या मापाने पाणी ओतत तिच्यावर खुणा कराव्यात, ती काठोकाठ भरून पाण्याच्या बादलीत उलटी धरावी आणि तिच्या तोंडातून एक रबरी नळी आत सरकवावी. मुलाने छाती पूर्ण भरून घ्यावी, नाक दाबावे आणि नळीत शेवटपर्यंत सावकाश फुंकावे. कॅनमध्ये जेवढी हवा जमली तेवढी त्याची व्हायटल कपॅसिटी. छातीतून निघालेली गरम हवा थंड पाण्यात आकसते, त्यामुळे आकडा काही टक्क्यांनी कमी येतो, हे सांगून ठेवावे. नळीच्या टोकाला प्रत्येक मुलासाठी वेगळा तुकडा लावावा. आमच्या लहानपणी अशा कामाला पपईच्या पानाचा पोकळ देठ वापरत असत, पण त्याच्या चिकाने ओठ भाजतात, तेव्हा तो मोह टाळावा.

तत्त्वतः याच उपकरणाने जॉन हचिन्सन या इंग्रज शल्यचिकित्सकाने दोन हजारांहून अधिक लोकांच्या फुंका मोजल्या आणि 1846 साली ते निष्कर्ष प्रसिद्ध केले. व्हायटल कपॅसिटी हे नावही त्याचेच. उंची एक इंच वाढली की ही क्षमता सुमारे आठ घन इंचांनी, म्हणजे साधारण 130 मिलिलिटरने वाढते, हा त्याचा शोध. तुमच्या वर्गातही उंच मुलांची कॅन अधिक रिकामी होते का, हे आलेखावर मांडून पाहता येईल. कॅनने मोजता येत नाही ती मात्र ती डोहातली हवा, कारण जी बाहेरच येत नाही ती पकडणार कशी? त्यासाठी ठरावीक प्रमाणात हेलियम मिसळलेली हवा श्वासात देतात आणि तो आतल्या हवेत मिसळून किती पातळ झाला यावरून आतला साठा काढतात. हंफ्री डेव्हीने ही युक्ती 1800 च्या सुमारास स्वतःवरच, आणि तीही हायड्रोजन वापरून, केली होती. वर्गात या वाक्यानंतर ‘हे करू नये’ असे ठळकपणे सांगावे.

प्रश्न (गृहिणी, देवगड): यजमानांचे पोटाचे ऑपरेशन झाले. श्वास आत ओढून आतल्या गोळ्या वर उचलायच्या, असे तीन गोळ्यांचे एक प्लॅस्टिकचे यंत्र दिले आहे. त्यावर 600, 900 आणि 1200 असे लिहिले आहे. त्यांच्याने दोनच गोळ्या वर जातात, म्हणून ते खचले आहेत. शेजारी म्हणतात, तिन्ही गोळ्या उचलल्या नाहीत तर फुफ्फुसे निकामी समजायची.

उत्तर: शेजाऱ्यांचे म्हणणे मनावर घेऊ नये. त्या यंत्रावरचे आकडे हवेच्या साठ्याचे नसतात, तर हवा किती वेगाने आत ओढली त्याचे असतात. 900 म्हणजे सेकंदाला 900 मिलिलिटर. आता हिशेब पाहा. यजमानांनी दोन गोळ्या उचलून तीन सेकंद वर धरल्या, तर 2700 मिलिलिटर हवा आत गेली. शेजाऱ्यांनी झटका देऊन तिन्ही गोळ्या अर्धा सेकंद उडवल्या, तर आत गेली ती केवळ 600 मिलिलिटर. या व्यायामात गोळ्यांच्या संख्येपेक्षा त्या वर धरण्याच्या वेळेला अधिक महत्त्व आहे.

ऑपरेशननंतर टाके दुखतात, म्हणून माणूस उथळ श्वास घेतो, खोकणे टाळतो, आणि फुफ्फुसांच्या तळाकडचे वायुकोश मिटू लागतात. तेथे कफ साचला तर न्यूमोनियाची भीती असते. ते कोश उघडे राहावेत एवढ्यासाठीच हे यंत्र आहे. बसून, यंत्र उभे धरून, आधी श्वास सोडावा, मग नळी ओठांत घट्ट धरून हवा सावकाश आत ओढावी आणि क्षणभर छातीत ठेवावी. बरेच रुग्ण त्यात फुंकतात. ती चूक होत नाही ना, हे आधी पाहावे. खोकताना टाक्यांवर उशी दाबून धरल्यास वेदना कमी होतात. चक्कर येऊ लागल्यास थांबावे. किती वेळा करायचे, हे डॉक्टरांनी सांगितले असेल तसे करावे.

प्रश्न (पर्यटकांच्या बोटीवर काम करणारा तरुण, मालवण): मी दम रोखून पावणेदोन मिनिटे पाण्याखाली राहतो. मित्र म्हणतात, बुडी मारण्यापूर्वी तीस-चाळीस भरभर मोठे श्वास घेतले की फुफ्फुसांची क्षमता वाढते आणि अधिक वेळ राहता येते. तसेच स्नॉर्कलची नळी मीटरभर लांब केली, तर थोडे खोल जाऊनही श्वास घेता येईल ना?

उत्तर: दोन्ही प्रश्नांना ‘नाही’ हेच उत्तर आहे, आणि पहिल्याच्या बाबतीत ते मी ओरडून सांगितले असते.

दम कोंडल्यावर ‘आता श्वास घ्यायलाच हवा’ अशी जी तडफड होते, ती प्रामुख्याने प्राणवायू कमी झाल्यामुळे होत नाही. रक्तात कार्बन डायऑक्साइड वाढल्यामुळे होते. निरोगी माणसाच्या रक्तातील हिमोग्लोबिन साध्या श्वासातच सुमारे 97 ते 98 टक्के प्राणवायूने भरलेले असते, त्यामुळे चाळीस मोठे श्वास घेऊन त्यात भर पडते ती नावापुरती. कार्बन डायऑक्साइड मात्र भराभर धुऊन निघतो. क्षमता तेवढीच राहते. बंद पडते ती फक्त धोक्याची घंटा. मग प्राणवायू संपत आला तरी तडफड होत नाही, पोहणारा निर्धास्त राहतो आणि कोणतीही पूर्वसूचना न मिळता शुद्ध हरपतो. त्यातही वर येताना पाण्याचा दाब कमी होत जातो, तसा फुफ्फुसांतील प्राणवायूचा दाबही एकदम घसरतो, म्हणून पृष्ठभागाच्या अगदी जवळ आल्यावर माणूस बेशुद्ध होतो. चांगले पोहणारे, दम राखण्यात पटाईत असलेले तरुणच असे बुडतात. तुमच्या पावणेदोन मिनिटांबद्दल मला आदर आहे, पण ती एकट्याने कधीही करू नयेत; एकजण खाली असताना दुसऱ्याने वर राहून त्याच्यावर नजर ठेवावी.

आता नळी. साधारण दोन सेंटिमीटर व्यासाच्या मीटरभर नळीत सुमारे 314 मिलिलिटर हवा मावते. तुमच्या 500 मिलिलिटरच्या श्वासातून वाटेतले 150 आणि नळीतले 314 वजा केले, तर वायुकोशांना ताजी हवा मिळते 36 मिलिलिटर. बाकी तुम्ही स्वतःचीच सोडलेली हवा पुन्हा पुन्हा घेत राहता. त्याहून मोठी अडचण पाण्याच्या दाबाची आहे. निरोगी माणसाचे श्वसनाचे स्नायू सर्व बळ एकवटून सुमारे 100 सेंटिमीटर पाण्याच्या दाबाइतकीच ओढ निर्माण करू शकतात, आणि मीटरभर खोलीवर छातीला दाबणारे पाणी नेमके तेवढेच असते. एखादा श्वास कसाबसा घेता येईल, पुढचा येणार नाही. स्नॉर्कल आखूड असते ती याच कारणामुळे.

तुमच्या बोटीवर येणाऱ्या स्कूबाच्या पाहुण्यांसाठीही एक गोष्ट लक्षात ठेवावी. दहा मीटर खोलीवर दाब दुप्पट होतो. दम रोखून खाली गेलेल्याची सहा लिटर हवा तेथे तीन लिटर होते आणि वर आल्यावर पुन्हा सहा होते, त्यात धोका नाही. पण टाकीतून श्वास घेणारा त्याच खोलीवर छातीत पुरी सहा लिटर भरून घेतो, आणि घाबरून दम रोखून वर आला, तर ती हवा बारा लिटर होऊ पाहते. फुफ्फुसांत एवढी जागा नसते; वायुकोश फाटतात आणि हवेचे बुडबुडे रक्तातून मेंदूकडे जाऊ शकतात. छाती पूर्ण भरलेली असेल, तर दीड-दोन मीटरवरून वर येतानाही इजा होऊ शकते. ‘टाकी लावल्यावर दम रोखू नका’ हे वाक्य पर्यटकांना बोटीवर चढतानाच त्यांच्या भाषेत ऐकवावे.

प्रश्न (56 वर्षांच्या वाचक, गुहागर तालुका): जन्मभर चुलीवर स्वयंपाक केला, नारळाची सोडणे आणि झावळ्या जाळल्या, भात उकडले. चढावर दम लागतो म्हणून मुलीने चिपळूणला फुंकण्याची तपासणी करून आणली. रिपोर्टात एका ओळीत 84 टक्के आणि दुसऱ्या ओळीत 66 टक्के लिहिले आहे. म्हणजे एक तृतीयांश फुफ्फुस गेले काय?

उत्तर: गेले नाही. ते टक्के तुमच्या वयाच्या, उंचीच्या निरोगी स्त्रियांच्या सरासरीशी केलेल्या तुलनेचे आहेत. सरासरी म्हटली की निम्म्या निरोगी बायका तिच्या खालीच असणार, त्यामुळे ढोबळमानाने 80 टक्क्यांच्या पुढचा आकडा सामान्य धरतात. तुमचा 84 टक्क्यांचा आकडा बहुधा एकूण किती हवा फुंकली त्याचा, आणि 66 टक्क्यांचा पहिल्या एका सेकंदात किती फुंकली त्याचा असावा. मुलीला ओळींची नावे वाचायला सांगावी, एकूण हवेची ओळ एफव्हीसी आणि पहिल्या सेकंदाची एफईव्ही-वन.

तसे असेल, तर या दोहोंमधील तफावत महत्त्वाची आहे. निरोगी माणूस एकूण हवेपैकी सत्तर-ऐंशी टक्के हवा पहिल्याच सेकंदात बाहेर टाकतो. एकूण हवा ठीक, पण पहिल्या सेकंदाची कमी, याचा अर्थ घडा पुरेसा मोठा आहे, त्याचे तोंड अरुंद झाले आहे. चुलीचा धूर वर्षानुवर्षे घेतल्याने श्वासनलिका अशा अरुंद होतात, विडी-सिगारेटला कधी हात न लावलेल्या बायकांमध्येही. फुंकणीचा त्यातला वाटा फारसे कोणी लक्षात घेत नाही: छाती रिकामी होईतो फुंकल्यानंतर येणारा पुढचा श्वास स्वाभाविकपणेच खोल असतो, आणि तो धुराच्या तोंडाशी वाकून घेतलेला असतो.

या निमित्ताने एक गोष्ट सांगतो, कारण अनेक पत्रांत ‘फुफ्फुसे मोठी कशी करावीत’ अशी विचारणा आहे. श्वासनलिका फार अरुंद झाल्या, वायुकोशांच्या भिंती विरल्या, की आत गेलेली हवा पुरती बाहेर येत नाही. डोहातले पाणी वाढत जाते, छाती पिंपासारखी फुगते आणि फुफ्फुसांचे एकूण आकारमान निरोगी माणसाहून अधिक भरते. फुफ्फुसे मोठी झालेली असतात आणि माणूस अंगणातून ओटीवर येताना धापा टाकतो. वयाबरोबरही ही अडकलेली हवा थोडी वाढतेच, आणि पंचविशी-तिशीनंतर पहिल्या सेकंदाची फुंक वर्षाला सुमारे 25 ते 30 मिलिलिटरने उतरत जाते. धूर हा उतार अधिक तीव्र करतो, आणि धूर थांबला की पुढची घसरण मंदावते. तेव्हा गॅसचा सिलिंडर पाहुण्यांच्या चहापुरता न ठेवता रोजच्या भातालाही वापरावा. औषधाचा पंप हुंगून पुन्हा फुंकल्यावर आकडा सुधारतो का, हे डॉक्टर पाहतील; बराच सुधारला तर दम्याचा विचार होतो, आणि त्यावर उपचार वेगळे असतात. तपासणीच्या वेळी फुंक मध्येच तुटली तरी आकडे चुकतात, म्हणून ती किमान तीनदा घेतली होती ना, हेही विचारावे.

प्रश्न (देवळात सनई वाजवणारे कलाकार, सावंतवाडी): सनईने फुफ्फुसे वाढतात काय? स्वर न तोडता पाच मिनिटे वाजवतो, ती हवा कोठून येते?

उत्तर: फुफ्फुसे वाढत नाहीत, श्वासाचे स्नायू आणि हवा मोजून सोडण्याचा ताबा वाढतो. प्राणायामाबद्दलही मी हेच सांगेन. पाच मिनिटांची हवा तुमच्या छातीत नसतेच. गालांत साठवलेली हवा पत्तीकडे दाबत असतानाच तुम्ही नाकाने नवा श्वास घेता, आणि हे इतके अंगवळणी पडलेले असते की करणाऱ्यालाही कळत नाही. गालांत मावते ती हवा अगदी थोडी, म्हणून हा श्वास चोरटा आणि झटपट घ्यावा लागतो.

प्रश्न (एक आई, राजापूर): मुलगा सुटीत विहिरीत पोहायला शिकतो आहे. छाती भरून घेतली की तरंगतो, ओरडला की खाली जातो, असे तो म्हणतो. हे खरे असेल काय?

उत्तर: तंतोतंत खरे आहे, आणि त्याने ते स्वतः पाहिले याचे कौतुक वाटते. छातीत एक लिटर हवा अधिक घेतली की छाती तेवढी फुगते, शरीर एक लिटर अधिक पाणी बाजूला सारते आणि सुमारे एक किलोचा आधार वाढतो. छाती भरलेली बहुतेक माणसे तरंगतात, आणि श्वास पूर्ण सोडलेली बहुतेक बुडतात. बुडणारा माणूस ओरडून नेमकी हीच हवा घालवतो, आणि हात वर काढून पाण्याचा आधारही कमी करतो. मुलाला उताणे होऊन, कान पाण्यात, छाती भरलेली आणि हात पाण्यातच पसरलेले ठेवून पडून राहायला आधी शिकवावे. श्वास सोडायचा तो थोडासा आणि लगेच पुन्हा भरून घ्यायचा. समुद्रात हे थोडे सोपे जाते, कारण खाऱ्या पाण्याचा एक लिटर सुमारे 1.025 किलो भरतो आणि साठ किलोच्या माणसाला त्यामुळे दीड किलोचा जास्तीचा आधार मिळतो; विहिरीच्या गोड्या पाण्यात तो नाही. म्हणून पाठीला बांधलेली रिकामी कॅन एवढ्यात सोडू नये. पाच लिटरची असेल, तर ती जवळजवळ पाच किलोचा आधार देते, आणि तो ओरडला तरी तिच्यातली हवा जात नाही. फक्त तिचे बूच घट्ट आहे ना, हे रोज पाण्यात उतरण्यापूर्वी मोठ्या माणसाने स्वतः पाहावे.